दुसरी रेघ

मी डबा बोलतोय. मतांचा डबा. पत्रा जाड, रंग एकेकाळी हिरवट होता, आता बहुतेक गंजाचाच आहे. डोक्यावर एक चीर आहे, तिच्यातून लोक आपल्या मनातलं आत सोडतात. मला लिहिता-वाचता येत नाही, पण पोटात पडलेलं कळायला शाळा लागत नाही. म्हातारा झालोय, सावकाश सांगतो.

जन्म हैदराबादच्या एका कारखान्यातला. निजामाचं राज्य जाऊन थोडीच वर्षं झाली होती आणि पहिली निवडणूक यायची होती. तेव्हा प्रत्येक उमेदवाराचा डबा वेगळा असायचा. डब्यावर निशाणी चिकटवलेली. माणूस पडद्यामागं यायचा, निशाणी बघायचा आणि चिठ्ठी टाकून जायचा. लिहायचं काही नाही. एक आवडला, बाकीचे नावडले, एवढंच काम.

पुढं नवे डबे आले आणि मी अहमदपूरच्या तहसिलीत एका खोलीत पडून राहिलो. उस्मानाबाद फोडून लातूर जिल्हा नवा झाला, तेव्हा जुन्याची झाडाझडती निघाली आणि मला भंगारात काढलं. तिथून विरूपाक्ष गुरुजींनी मला उचललं. खेड्यातले मास्तर. "पत्रा चांगलाय, खडू ठेवायला होईल," म्हणाले आणि सायकलला बांधून गावात घेऊन आले.

गाव लहान. नाल्याच्या अलीकडं लातूर, पलीकडं नांदेड. चढावर वरची गल्ली, तिथं जमीनवाले. उताराला बुद्धवाडा आणि त्याला लागून धनगरवाडा. विहिरी दोन्ही वरच्या गल्लीत. त्यांच्या रहाटाला बुद्धवाड्यातल्या बाईचा हात कधी लागला नव्हता. बायका कडेला उभ्या राहायच्या. वरच्या कुणाला सवड झाली, तर ती लांबूनच घागरीत पाणी ओतायची. निम्मं घागरीत, निम्मं मातीत.

जिल्हा नवा झाला, पाऊस मात्र होता तोही गेला. लागोपाठ कोरडी सालं आली. विहिरींना गाळ लागला. नाल्यापलीकडून नांदेडचा टँकर जायचा. धूळ इकडं यायची, पाणी तिकडंच राहायचं. बुद्धवाड्यातली सरजाबाई आणि तिची सून पंचशीला नाल्याच्या वाळूत झिरा उकरून वाटीवाटीनं घागर भरायच्या. पंचशीलाला दिवस गेले होते.

अशात बोअरचं यंत्र मंजूर झालं. पाणी बघणाऱ्यांनी तीन जागा दाखवल्या, प्रत्येक वस्तीत एक. बोअर मात्र एकच. यंत्राबरोबर आलेले साहेब म्हणाले, "गावानं ठरवा. न्हाई ठरलं तर यंत्र पुढच्या गावाला जाईल."

शाळेपुढं सभा बसली. वरच्या गल्लीचे किशनराव पाटील म्हणाले, "त्यात काय ठरवायचं? हात वर करा. ज्याचे हात जास्त त्याचं पाणी."

वरच्या गल्लीचे हात सगळ्यांत जास्त भरणार, हे शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. पण सगळ्या गावाच्या निम्मेही ते नव्हते. गुरुजी उठले. म्हणाले, "मी पदवीधरांच्या निवडणुकीत मत देतो. तिथं पसंती लिहायची असते. पहिली, दुसरी, तिसरी. आपण रेघा मारू. मनातल्या जागेला एक रेघ, तिच्या खालोखाल आवडेल त्या जागेला दोन, शेवटच्या जागेला तीन. कुणालाच निम्म्याहून जास्त मिळाली न्हाईत, तर सगळ्यांत मागं राहिलेली जागा काढायची. पण तिच्या चिठ्ठ्या फेकायच्या न्हाईत. त्यांची दुसरी पसंती बघून त्या ढिगात टाकायच्या."

धनगरवाड्याचा सटवाजी म्हणाला, "गुर्जी, दुसरी पसंती म्हंजी दुसरी बायको का वो? घरात पहिलीच आवरंना."

"तू तुझ्या मेंढरालाच मार की रेघ," सरजाबाई म्हणाली. "तीच तुझी पहिली."

लोक हसले. किशनरावही हसले. गावातलं ते शेवटचं मोकळं हसू मी ऐकलं.

गुरुजींनी बटाटे कोरून ठसे केले. वरच्या गल्लीचा बैल, बुद्धवाड्याचं पिंपळपान, धनगरवाड्याचं मेंढरू. प्रत्येक चिठ्ठीवर तिन्ही उमटवली. आणि एक नियम घातला: तिन्ही चित्रांना रेघा पाहिजेत, एक जरी कोरं राहिलं तर चिठ्ठी बाद. त्यांच्या मनात वाईट नव्हतं. त्या निमित्तानं प्रत्येकानं दुसऱ्या वस्तीचा विचार करावा, एवढंच होतं. मग खडू काढून मला पुसलं आणि मधोमध मांडलं.

मतं पडायला लागली. धनगरवाड्याची पहिली रेघ मेंढराला, दुसरी पिंपळपानाला. शेजार होता, आणि पिंपळपानाखालचं पाणी त्यांच्या कळपालाही जवळ पडणार होतं. जमलं होतं सगळं.

मग बुद्धवाड्याची रांग आली. सरजाबाईनं पिंपळपानाला एक रेघ मारली, मेंढराला दोन आणि बैल कोरा ठेवला. तिच्यामागं सून. तिच्यामागं त्या आळीतल्या बऱ्याचजणी. बैल कोरा, बैल कोरा, बैल कोरा. एकेक चिठ्ठी आत पडत होती आणि मला ओरडता येत नव्हतं.

मोजणीत वरची गल्ली पुढं होती, पण बाद धरून पडलेल्या सगळ्या चिठ्ठ्यांच्या निम्म्याच्या आत. मेंढरू निघालं. त्याच्या चिठ्ठ्या पिंपळपानावर गेल्या, तरी थोडं कमी पडलं. बाद चिठ्ठ्यांचा ढीग त्या कमीहून मोठा होता. बोअर वरच्या गल्लीत ठरला.

बाकी सगळे उठून गेल्यावर गुरुजींनी सरजाबाईला थांबवलं. "सरजाबाई, अवो तिसरी रेघ म्हणजे त्यांना नको म्हणणंच की. शेवटचा नंबर तो."

"पंगतीत शेवटच्या ओळीला बसवलं तरी जेवाय वाढतातच न्हवं, गुर्जी?" ती म्हणाली. "त्येंनी आमाला कोणत्या ओळीत बसवलं? मग मी त्येंना का पाट मांडू?"

"पण नियम सांगितला होता मी."

"नियम कळला हुता. माणसं बी कळली हुती."

बोअरला पाणी लागलं, वर हापसा बसला. हापसा सरकारी, सगळ्यांचा. पण दांडा ज्याच्या हातात, पाणी त्याच्या मनात. बुद्धवाड्याची बाई आली की, "थांब गं, आमचं होऊ दे." दुपार झाली तरी त्यांचं होत नसे. पंचशीला थोडे दिवस उभी राहिली, मग पुन्हा झिऱ्याकडं जायला लागली. झिरा आता माणूसभर खोल गेला होता. सातवा महिना होता तिला. खाली उतरून वाटीनं पाणी घेताना वाळूची कड बसली. सटवाजी मेंढरं घेऊन तिकडूनच चालला होता. त्यानं हातांनी उकरलं. बाहेर काढली तेव्हा श्वास संपला होता, मुठीत वाटी तशीच होती.

 

पुढच्या दुष्काळात हापसा कोरडा पडला. पुन्हा यंत्र आलं, पुन्हा त्याच वस्त्या, पुन्हा माझ्यातले खडू बाहेर. या वेळी गुरुजींनी नियम बदलला. "पहिली रेघ मारलीच पाहिजे. दुसरी-तिसरी ज्याच्या-त्याच्या मर्जीवर. कोरं राहिलं म्हणून चिठ्ठी बाद होणार न्हाई." आता कुणाचं मत मातीत जाणार नाही, असं त्यांना वाटलं. मलाही वाटलं.

मतांच्या आदल्या संध्याकाळी किशनराव धनगरवाड्यात गेले. मी तेव्हा सटवाजीच्याच ओट्यावर होतो. शाळेचं छप्पर उतरवलं होतं म्हणून गुरुजींनी ठेवलं होतं.

"सटवाजी, दुष्काळात मेंढीला दोन कोकरं झाली तर काय करतूस रं?"

"काय करणार, मालक? एकाला बाजूला करावं लागतंय. दोघं प्यायली तर दोन्ही बी जातात."

"हां. रेघंचं तसंच हाय. दुसरी मारली की पहिलीचं दूध आटतं. एकच मार, ठासून मार. तुझ्या वाड्याला पाणी आलंच म्हणून समज."

"पर गुर्जी म्हणले—"

"गुर्जीकडं मेंढरं हायती का?"

मेंढरांतलं सटवाजीला कळत होतं, आणि त्याला त्यातलंच सांगितलं होतं.

दुसऱ्या दिवशी सरजाबाई सगळ्यांत आधी आली. पिंपळपानाला एक रेघ, मेंढराला दोन. मग पेन्सिल बैलावर नेली.

"आता नको, बाई," गुरुजी हळू म्हणाले. "आता सक्ती न्हाई."

"ऱ्हाऊ द्या. मागल्या खेपंला मारायची ऱ्हायली हुती."

आणि तिनं बैलाला तीन रेघा मारल्या. पहिल्या दोन्ही चित्रांच्या रेघा वाकड्या होत्या, या तीन सरळ होत्या, सावकाश ओढलेल्या. तिच्यामागून सगळ्या बुद्धवाड्यानं तिन्ही चित्रं भरली. एकही कोरं नाही.

मोजणी झाली. वरची गल्ली पुढं, निम्म्याच्या आत. मेंढरू पुन्हा मागं राहिलं. गुरुजींनी धनगरवाड्याच्या चिठ्ठ्या हातात घेतल्या, दुसरी पसंती बघायला. एक उलटवली, दुसरी उलटवली. मेंढराला एक रेघ, बाकी कोरं. जवळजवळ सगळ्याच तशा. बाद नव्हत्या, पण त्यांना जायला कुठं जागाही नव्हती. गुरुजींनी त्या बाजूला ठेवल्या. उरलेल्या दोघांत बैलच पुढं राहिला. बोअर वरच्या गल्लीत.

"सटवाजी, दुसरी रेघ कुठंय रे?"

"मी दूध राखलं, गुर्जी."

"कुणासाठी राखलंस?"

तो सरजाबाईकडं बघत राहिला. तिनं घागर उचलली आणि उताराला लागली. तिची घागर रिकामी होती, आणि आता त्याचीही.

ती माझी शेवटची मतं. गुरुजींची बदली देगलूरकडं झाली, ते परत आले नाहीत. त्या बोअरवर पुढं मोटार बसली. स्टार्टरवर पावसाचं पाणी पडू नये म्हणून मला उलटा करून त्यावर घातलं. पाऊस कुठला? ऊनच लागतं मला. माझी चीर आता खाली आहे, तिच्यातून वायर जाते.

इथं बुद्धवाड्याच्या बायका उभ्या असतात, आणि धनगरवाड्याच्याही. सगळ्या एकाच कडेला. पाइप किशनरावांच्या नातवाच्या हातात असतो.

तुमच्यापुढं असा कागद आला, तर या डब्याचं एवढं ऐका. पहिली रेघ जो-तो आपल्याच दाराला मारतो. त्यात शिकायचं काही नाही. दुसरी कुणाच्या दाराला मारायची, ते घरून ठरवून या. आणि ती मारू नको असं कुणी सांगितलं, तर त्याच्या घरात पाणी किती आहे ते आधी बघून या.

आता मोटार बंद झाली. पाइपात उरलेलं पाणी थोडा वेळ थेंबथेंब गळतं. त्याखाली म्हाताऱ्या सरजाबाईनं घागर लावलीय.