कुंपणापलीकडचं कुवेत

लुर्दीन तुस्कानोनं पासपोर्ट जमा केला त्या दिवसापासून देशाची हद्द समुद्राकडून तिच्या घराकडे सरकू लागली. पहिल्या आठवड्यात ती वसईच्या किनाऱ्याला लागली, दुसऱ्यात चर्चमागच्या रस्त्यावर आली. सतराव्या दिवशी सकाळी ती लुर्दीनच्या वाडीच्या कुंपणाशी येऊन थांबली. अलीकडे केळी होत्या, पलीकडे कुवेत.

कुवेतात, वाळूत, प्लास्टिकच्या खुर्चीवर तिचा नवरा पास्कल बसला होता. तीन वर्षं त्याला सुट्टी नव्हती. त्याच्याकडे जायलाच ती निघाली होती. तेवढ्यात बांधावरून भांडणाऱ्या शेजाऱ्यानं पोलिसांत तक्रार केली आणि पासपोर्ट ऑफिसकडून तो जमा करण्याचा हुकूम आला.

"बारीक झालीस गं," पास्कल म्हणाला.

"तू जेवलास का?"

तिनं भात आणि बोंबलाचं कालवण कुंपणावरून दिलं. तो जेवला, ती बघत राहिली. त्याच्या मानेला वाळू चिकटली होती. ती झटकायला लुर्दीन पुढे झाली, तोच मागून ठोसर वकीलबाई ओरडल्या.

"लुर्दीनताई, पाऊल टाकू नका! पासपोर्टशिवाय देश सोडला, असं होईल."

वकीलबाईंनी ओट्यावर कागद पसरले. "अपिलाला तीस दिवस असतात, तेरा उरलेत. हुकुमात कारण दिलेलं नाही. तुमचं म्हणणं ऐकलेलं नाही. त्या तक्रारीची कोर्टानं अजून दखलसुद्धा घेतलेली नाही. अपील करूच, शिवाय हायकोर्टात जाऊन स्थगिती मागू."

लुर्दीननं सह्या केल्या. मग विचारलं, "हात चालेल का पलीकडे?"

वकीलबाईंनी कायद्याचं पुस्तक चाळलं. "हाताबद्दल काही लिहिलेलं नाही."

त्यानंतर पास्कल ड्युटीवरून आला की दोघं कुंपणाच्या दोन बाजूंना हातात हात घेऊन बसत. निकाल लागूच नये, असं लुर्दीनला वाटे. ते तिनं कुणाला सांगितलं नाही.

सह्या केल्यापासून दहाव्या दिवशी दुपारी दोघं तसेच हात धरून बसले असताना वकीलबाई लगबगीनं आल्या. "स्थगिती मिळाली! पासपोर्टही सोडवून आणलाय."

त्याच क्षणी हद्द मागे सरकू लागली. खुर्ची, वाळू आणि पास्कल, सगळं हद्दीबरोबर निघालं.

"तिकीट काढ आणि ये," पास्कल म्हणाला. तो चर्चमागच्या रस्त्यापर्यंत पोचला होता.

पण त्याचा हात सुटला नाही. तो कुंपणावरून, रस्त्यावरून लांबत गेला. बारीक झाला, तरी ऊन ऊन होता. किनाऱ्यापलीकडे पास्कल दिसेनासा झाला.

वकीलबाईंनी पासपोर्ट आणि पोच पुढे केली. "इथं सही करा. उजव्या हातानं."

लुर्दीनचा उजवा हात मोकळा नव्हता.

"ताई, सही."

दूर समुद्रावरून बोटं तिच्या बोटांत आणखी घट्ट झाली.