तिसऱ्या खोलीची बदकं

आमच्या झागोर्येत, झाग्रेबच्या वरच्या या टेकड्यांत, कुणी कशाची किंमत विचारत नाही, हप्ता विचारतात. शेजारच्या द्रागेत्सने ट्रॅक्टर घेतला तेव्हा मी विचारलं, "केवढ्याला रे?" तर म्हणाला, "दोनशे दहाला." मी म्हटलं, एवढ्यात तर चाकसुद्धा येत नाही. मग कळलं, महिन्याचे दोनशे दहा. किती महिने, ते काही त्याला आठवेना. बायकोला हाक मारून विचारलं, तर ती स्वयंपाकघरातून ओरडली, "ट्रॅक्टर मोडेपर्यंत!"

तर नोव्हेंबरात संत मार्टिनच्या सणाला माझी नात मिर्ना आणि तिचा नवरा दामिर जेवायला आले. दामिरच्या त्या लाल मोटरसायकलवरून. ती फाटकाशी आली की माझ्या कोंबड्या दोन दिवस अंडी घालत नाहीत. मार्टिनचा दिवस, म्हणजे नवी वाइन पिंपातून काढायची आणि लांब मानेचं मोठं बदक भाजायचं. मी भाजलं होतं, खाली चरबीत मुरवलेल्या म्लिंत्सी, म्हणजे भाजलेल्या पातळ पोळीचे तुकडे. दामिरने पहिल्यांदा तंगडी उचलली आणि मग बातमी सांगितली.

"आजी, घर मिळालं! झाग्रेबला. तीन खोल्या, चौथा मजला, लिफ्ट आहे. बुधवारी नोटरीकडे सह्या."

"वा! केवढ्याला?"

"पावणेसहाशे."

"जावईबापू, मी घराचं विचारतेय, चपलांचं नाही."

"अहो, महिन्याचे पावणेसहाशे युरो. आत्ता भाडं भरतो त्यापेक्षा थोडेच जास्त."

"बरं. आणि किंमत?"

तो मिर्नाकडे बघायला लागला. मिर्ना दात बनवण्याच्या प्रयोगशाळेत काम करते, केसाएवढी चूक झाली तरी तिला दिसते. पण तीही म्हणाली, "कर्ज एक लाख वीस हजारांचं आहे, आजी. तीस वर्षं. चार टक्के. हप्ता परवडतोय, मग काय?"

"मग काही नाही," मी म्हटलं. "म्लिंत्सी घे. मला आपलं छपरावरचं झाड आठवलं."

"झालं सुरू," मिर्ना म्हणाली. पण खुर्ची पुढे ओढलीन. लहानपणापासून तिची ही सवय आहे. विश्वास ठेवायचा नाही, पण ऐकायचं सगळं.

आता हे घर बांधलं तेव्हाची गोष्ट. मी आणि माझा इम्ब्रो, देव त्याला शांती देवो. आमच्यात छपराची लाकडं चढली की गवंडी आढ्यावर देवदाराचं छोटं रोप ठोकतात. मग घरमालकाने त्यांना लिकोफ द्यायचा, म्हणजे जेवण. एक अख्खं डुक्कर आणि वाइन. जेवण झाल्याशिवाय ते रोप काढायचं नाही. सगळा गाव खालून बघत असतो, रोप अजून आहे का गेलं.

आमच्याकडे विटांपुरते पैसे होते, डुकरापुरते नव्हते. इम्ब्रो वालेंट गवंड्याकडे गेला, टोपी हातात धरून. वालेंट मोठा गोड माणूस. म्हणाला, "अरे इम्ब्रो, घाई कसली? डुक्कर सावकाश दे. आम्ही सहा जण थांबतो की. फक्त थांबल्याबद्दल दर मार्टिनला माणशी एक बदक पाठव. परवडेल ना?"

इम्ब्रो उड्या मारत घरी आला. "यागा, सहाच बदकं! वर्षाला सहाच!"

परवडत होतं ना. बदकं घरचीच. पहिल्या वर्षी सहा दिली. दुसऱ्या वर्षी सहा. तिसऱ्या वर्षी वालेंट वाइन पिऊन म्हणाला, "यागावहिनी, तुमची बदकं म्हणजे लोणी!" मी म्हटलं, "मग आता डुकराचं काय राहिलं, भाऊजी?" तो म्हणाला, "डुकराचं? अख्खं डुक्कर राहिलं. बदकं थांबण्याची होती."

इकडे झाड छपरावरच. कौलांच्या सांदीत माती साठली, त्यात मुळं धरलीन. तू हसू नकोस मिर्ना, तुझ्या आईला विचार. पाचव्या वर्षी मुळं माळ्यातून खाली कोठीत उतरली, मी त्यांना सॉसेज टांगायची. सातव्या वर्षी माळ्यावर अळंबी उगवली. रविवारी सूप व्हायचं. नवव्या वर्षी सरकारी माणूस आला जमिनी मोजायला. दारात उभा राहून वर बघितलं आणि वहीत लिहिलं, "जंगल." इम्ब्रो म्हणाला, "साहेब, घर आहे हे." तो म्हणाला, "मग झाडावर घार कशी बसलीय?" जंगलात राहायचा परवाना काढावा लागला आम्हाला.

"आजी!"

"परवाना होता गं. उंदरांनी खाल्ला."

दामिरची तंगडी हातातच राहिली होती. "मग फिटलं कसं डुक्कर?"

ते मी फेडलं. अकराव्या मार्टिनच्या आधी एक दिवस अंगणात बसले होते आणि डोक्यात आलं, आतापर्यंत ही माणसं माझी किती बदकं जेवली असतील? सगळी एकदम उडवली असती तर टेकडीवर दुपारी दिवे लावावे लागले असते. त्या बदकांत तीन डुकरं आली असती! आणि आमचं डुक्कर होतं तिथंच, शेपटीसकट. मग मी काय केलं? इम्ब्रोचा अ‍ॅकॉर्डियन विकला. डुक्कर आणलं, कापलं, सहा गवंडी जेवले, वालेंट स्वतः वर चढला आणि करवतीने झाड कापलं. त्याच्या फळ्यांचं हे टेबल आहे, ज्यावर तुम्ही जेवताय. इम्ब्रो पुढची तीन वर्षं संध्याकाळी टेबलाच्या कडेवर बोटं नाचवत बसायचा, तोंडाने सूर काढत. पण बदकं आमची आम्ही खाल्ली.

मिर्नाने टेबलावर हात फिरवला. "हे टेबल ओकचं आहे, आजी."

"एवढंच खोटं सापडलं का तुला?"

ती हसली नाही. दामिरला म्हणाली, "फोन दे." बँकेने पाठवलेला तीस वर्षांचा तक्ता त्याच्या फोनमध्ये होता. तो दोघांनी उघडूनसुद्धा बघितला नव्हता, वरचा हप्ता तेवढा बघितला होता. मिर्नाने चष्मा लावला. दातांच्या साच्याकडे बघते तशी बघायला लागली.

"पहिला हप्ता. पावणेसहाशेतले चारशे व्याज."

"म्हणजे बदक," मी म्हटलं.

"बदक. आणि पावणेदोनशे डुक्कर."

"पण हे बरंय की, इथे डुक्करही थोडं थोडं जातंय," दामिर म्हणाला. "वालेंटपेक्षा बँक चांगली."

"थांब." ती बोटाने खाली खाली सरकत गेली. मध्येच तिचं बोट थांबलं. "दामिर, दहा वर्षांनी किती राहतात माहितीय? दहा वर्षं, एकही हप्ता न चुकवता?"

"ऐंशी?"

"साडेचौऱ्याण्णव हजार."

दामिरने तंगडी ताटात ठेवली. "ए, नीट बघ. आपण तोपर्यंत जवळजवळ सत्तर हजार भरलेले असणार."

"हो. त्यातलं पंचवीस डुक्कर. बाकीची सगळी बदकं. आणि सगळं मिळून शेवटी..." तिने एकदा मान हलवली, परत बघितलं. "दोन लाख सहा हजार."

मी वाइन ओतली.  मिर्ना माझ्याचकडे वळली, डोळे बारीक करून. ही तिची दुसरी सवय.

"तुझा डाव कळतोय मला. तुला आम्ही वर राहायला हवंय. म्हणून हे झाड आणि घार."

आता वरचा मजला आहे, हे खरं. इम्ब्रोने मुलासाठी बांधला, मुलगा गेला आयर्लंडला. विटा अजून उघड्याच आहेत, गिलावा नाही, खिडक्यांना प्लॅस्टिक. इथल्या निम्म्या घरांचं तसंच आहे, वरचा मजला कुणाची तरी वाट बघत उभा असतो. आणि ती दोघं वर आली तर मला नको होतं असं नाही. रात्री वर पावलं वाजली तर बरंच वाटेल.

"वर कशाला राहाल?" मी म्हटलं. "रोज दीड तास जायला, दीड तास यायला, त्या मोटरसायकलवर, बर्फात? त्यापेक्षा झाग्रेबला राहा. घर घ्या. मी घेऊ नका म्हटलंय का? पण तीन खोल्या कशाला? दोघंच तर आहात. एकीत झोपायचं, एकीत बसायचं, आणि तिसरीत काय, मोटरसायकल ठेवणार?"

"मग आजींची खोली कुठे—" दामिर बोलला आणि "आई गं!" म्हणून ओरडला. टेबलाखाली मिर्नाने लाथ मारली होती.

मी वाइनचा पेला खाली ठेवला. 

"कुणाची खोली?" मी विचारलं.

मिर्ना ताटातल्या म्लिंत्सीशी खेळत म्हणाली, "फेब्रुवारीत विहिरीपाशी घसरलीस. मनगट मोडलं. दुपारपर्यंत तिथेच पडून होतीस. द्रागेत्सचा कुत्रा भुंकला नसता तर? मला त्यानंतर हिवाळ्यात झोप लागत नाही, आजी. थर्मामीटर शून्याखाली गेला की मी उठून बसते. म्हणून तीन खोल्यांचं बघितलं. नोव्हेंबर ते मार्च तू आमच्याकडे. तुला आधी सांगितलं असतं तर तू नाहीच म्हणाली असतीस."

मी तिच्या ताटात बदकाचा एक तुकडा वाढला. मग म्हटलं, "दोन खोल्यांचं होतं का तिथे?"

"होतं," दामिर म्हणाला. "त्याच इमारतीत, त्याच मजल्यावर. पंचवीस हजारांनी स्वस्त."

"मग त्याचा हिशोब कर. बदकं आणि डुक्कर वेगवेगळं."

त्याने फोनवर आकडे टाकले. तीस वर्षं टाकली, हप्ता उतरला. मिर्नाने त्याच्या हातातून फोन घेतला आणि वर्षं खाली खाली आणत गेली, हप्ता परत पावणेसहाशेवर येईपर्यंत.

"वीस," ती म्हणाली. हळूच म्हणाली. "तेवढ्याच हप्त्यात वीस वर्षांत सुटतो. सगळे मिळून एक लाख अडतीस हजार."

"मग माझी खोली केवढ्याला पडली?"

"आजी, असं नको ना विचारू."

"जावईबापू, तुम्ही सांगा. ही लाथा मारतेय."

"अडुसष्ट हजार," दामिर म्हणाला. "आणि वर दहा वर्षं."

"बघ! मला एक्क्याऐंशी झाली. त्या खोलीचे पैसे फिटेपर्यंत मला एकशे अकरा वर्षं जगावं लागेल. जगेन मी, तो प्रश्न नाही. पण तोपर्यंत तूच साठीची होशील, आणि ती खोली तुला लागेल."

मिर्ना रडायला लागली, आणि रडता रडता हसायला लागली. "तू आली नाहीस तर मी तीन खोल्यांचंच घेणार," ती म्हणाली. "मला बदकांची भीती नाही. तू विहिरीपाशी पडशील त्याची आहे."

आता ही माझीच नात. तिच्यापुढे मी किती फसवाफसवी करणार? मी म्हटलं, "बैठकीत सोफा ठेवाल ना? उघडला की पलंग होतो तसा? मी येते. पण माझ्या अटी आहेत. टीव्हीचा रिमोट माझ्याकडे. आणि दर मार्टिनला बदक मी भाजणार, त्याचा तुकडासुद्धा बँकेला द्यायचा नाही."

"मोडलेल्या मनगटाने?"

"दामिर कापेल. त्याला तंगडीशिवाय काही दिसत नाही, कापताना तरी बाकीचं दिसेल."

बुधवारची सही पुढे ढकलली, पुढच्या सोमवारी झाली. दोन खोल्यांवर. बँकेतल्या मुलीला मिर्ना म्हणाली, "पहिल्या हप्त्यात बदक किती?" मुलगी गोंधळली. मग मिर्नाने लाल होऊन नीट विचारलं, आणि हेही विचारलं की मधे जास्तीचे भरले तर दंड पडतो का, आणि ठरलेला व्याजदर किती वर्षं टिकतो, पुढे बदकांची संख्या कोण ठरवणार. त्या मुलीला तीनदा उठून आत साहेबांना विचारायला जावं लागलं. एवढं आधी कुणी विचारलंच नव्हतं म्हणे.

या गोष्टीला आता तिसरा हिवाळा. मी इथे चौथ्या मजल्यावर सोफ्यावर बसलेय, रिमोट माझ्या मांडीवर आहे. पहिल्याच वसंतात दामिरने मोटरसायकल विकली आणि सगळे पैसे एकदम डुकरात घातले. तेव्हापासून संध्याकाळी तो माझ्या शेजारी बसतो आणि उजवी मूठ आपोआप फिरवत राहतो, तोंडाने घर्र घर्र करत. मी त्याला काही म्हणत नाही. इम्ब्रोलाही म्हणत नव्हते.

बाल्कनीत कुंडीत देवदाराचं रोप आहे. ते मी आणलं, गावाहून, मांडीवर धरून बसने. डुक्कर फिटेपर्यंत हलवायचं नाही, असा माझा हुकूम. आणलं तेव्हा गुडघ्याएवढं होतं. आता त्याचा शेंडा पाचव्या मजल्यावर गेलाय, वरच्या बाई त्यावर मोजे वाळत घालतात. परवा लिफ्टमध्ये भेटल्या तेव्हा विचारत होत्या, हे कधी काढणार?

मी म्हटलं, "सतरा वर्षं थांबा. मिर्ना अशीच भरत राहिली तर बाराच." मग हळूच सांगितलं, "पण सहाव्या मजल्याकडून काही बोलणं आलं तर मला कळवा. घार बसायला लागली की परवाना काढावा लागतो."