त्या जागी ती रडत नाही

मार्चमधली दुपार. सूर्य होता, ऊब नव्हती. टोरंटोच्या आभाळात चांदीची थंड थाळी टांगलेली. हिमशुभ्र रस्ते, हिममूक झाडे, आणि काचेआड कोंडलेली चौदा मजल्यांची शांतता.

सातव्या मजल्यावर शालनकाकू एकट्या. मुलगा, सून कामावर. डोक्यावर, आठव्या मजल्यावर, हर्षद आणि त्याची नवी नवरी कुमुद. तिथे रोज दुपारी तोच जुना मराठी सिनेमा लागे. तीच सनई, तोच विजेचा कडकडाट, तीच थप्पड. आणि थप्पडेमागून बाईचा हुंदका, छतातून थेंबथेंब झिरपणारा.

काकूंना बरे वाटे. परमुलखात आपल्याकडचे रडणे कानी पडे.

त्या दिवशी मात्र टाका घालता घालता त्यांचा हात थबकला. हा सिनेमा त्यांनी जत्रेच्या तंबूत सात वेळा पाहिला होता. थप्पड खाऊन नायिका रडत नाही. ती हसते, वाकते, नवऱ्याची पायधूळ कपाळी लावते. आणि तंबूभर टाळ्या कडकडतात. त्यांत काकूंच्याही होत्या.

मग इतके दिवस रडत होते कोण?

काकू जिना चढल्या. दार उघडले हर्षदने, हसतमुख, सुगंधित. मागे पडद्यावरची बाई हसत होती. कोपऱ्यात कुमुद भिंतीकडे तोंड करून उभी होती.

"सिनेमा हो, काकू! आवाज मोठा झाला का? तुमच्याच काळातला आहे, या की बघायला."

"पाहिलाय बाबा. आता डोळे गेले. कुमुद, खाली चल, मला सुई ओवून दे."

वडीलधाऱ्यांना नाही म्हणण्याची त्याची रीत नव्हती. "पाच मिनिटं हं," तो गोड म्हणाला.

खाली आल्यावर कुमुद कुजबुजली, "काकू, शेवटी तो सुधारतो ना? सिनेमात?"

"तीन तासांत सुधारावाच लागतो, पोरी. लोकांना घरी जायचं असतं."

छतावर पावले फिरू लागली. या भिंतीकडून त्या भिंतीकडे, त्या भिंतीकडून या भिंतीकडे. मग सनई थांबली. मग पावले जिन्यावरून उतरू लागली, सावकाश, मोजल्यासारखी.

काकूंनी दाराला साखळी लावली. सुनेने शिकवून ठेवलेला पोलिसांचा तीन आकडी नंबर फिरवला, आणि तुटक्या इंग्रजीत पत्ता सांगितला. एकदा, दोनदा, मोठ्याने.

दारावर टकटक झाली. हळू, अगदी सभ्य.

"कुमुद, चल ना गं."

कुमुदचा श्वास काकूंच्या खांद्यावर थरथरत राहिला. टकटक होत राहिली.

खालच्या रस्त्यावर सायरन वाजला. तिथून निळा उजेड वर चढला, मागोमाग तांबडा. तो काचेवर आला, भिंतीवर आला, जमिनीवरून सरकत दाराला लागला. आणि दारापलीकडची टकटक एकदा झाली, अर्धी झाली, थांबली.