गिळलेली हाक

“मास्तरीणबाई, बांगड्याले जीभ नसते,” असं तानाबाई कासारीण मला म्हणाली होती. मी हसले. हसले आणि कडेवरच्या कुंदाचं नाक पुसलं. त्यापलीकडे मी काही केलं नाही.

वाचकहो, पुढे जे घडलं ते माझ्या घरात घडलं नाही, शेजारच्या घरात घडलं. पण ते थांबवायला मला कोणीतरी आधीच सांगितलं होतं, म्हणून लिहायला मीच बसले आहे.

माझ्या यजमानांची डोणगावच्या शाळेत बदली झाली तेव्हा कुंदा दीड वर्षाची होती. आमच्या बिऱ्हाडाला लागून महादेवरावांचं घर. गावाबाहेर त्यांचा भाजीपाल्याचा मळा होता. कांदे, वांगी, मेथी, जे निघेल ते बाजाराला जायचं. म्हातारे महादेवराव, त्यांची पत्नी सुभद्राबाई, थोरला मुलगा भगवंतराव व त्याची बायको पुष्पाबाई, धाकटा इंद्रभान व त्याची बायको सत्यभामा, अशी सहा माणसं. सगळी राबणारी. सत्यभामा सर्वांत लहान, एकोणीस-वीस वर्षांची.

घर चांगलं होतं, हे मी मुद्दाम सांगते. तिथे कोणी कोणावर हात उचलत नसे. सत्यभामेला ताप आला तर भगवंतराव स्वतः सायकलवर जाऊन औषध आणत. ते मात्र पुष्पाबाईच्या हाती देत, कारण धाकट्या भावाच्या बायकोशी ते बोलत नसत. ती तर त्यांच्याशी मुळीच बोलत नसे. भासरा, म्हणजे नवऱ्याचा थोरला भाऊ. त्याच्यासमोर उभं राहायचं नाही, त्याच्या कानावर आपला आवाज पडू द्यायचा नाही, त्याचं नाव तोंडात आणायचं नाही. आपल्याकडे ही रीत कोणाच्या घरी नाही?

मळ्यात मोट होती तोवर या रीतीने कोणाचं अडलं नाही. मोटेवर भगवंतराव बैलांना गाणं म्हणून हाकत. गाणं थांबलं की सगळं शांत. वाफे भरले, पाणी थांबवायचं झालं, की सत्यभामा फावड्याच्या दांड्यावर हातातल्या बांगड्या वाजवायची. तेवढं त्यांना पुरायचं.

मग मळ्यात तेलाचं इंजिन आलं. महाराष्ट्र राज्य झाल्याला तेव्हा तिसरं वर्ष लागलं होतं. इंजिनाला हार घातला, पेढे वाटले. मलाही वाटीभर आले. बैल गोठ्यात बसले आणि विहिरीच्या काठावर दिवसभर भकभक सुरू झाली. ती आमच्या अंगणापर्यंत ऐकू यायची.

त्याच महिन्यात तानाबाई बांगड्या भरायला आली. साठी उलटलेली, खणखणीत आवाजाची बाई. तिची आरोळी वेशीतून निघाली की गावातल्या बायका हात धुऊन बसत. सत्यभामेचा हात हातात घेऊन ती बोटं दाबत म्हणाली, “हा हात म्हंजे माही दुभती म्हैस हाये. बाकीच्या बायका सणाले भरतात, हे पंधरा रोजानं. काऊन वं? नवरा हात पिरगाळते का?”

पुष्पाबाई हसली. “नवरा काय पिरगाळीन! फावड्यावर आपटते थे. आमच्या यायले इशारा द्याचा असला म्हंजे.”

“अन् त्यायले ऐकू जाते?”

“मोटेच्या वक्ती जाये. आता त्या इंजिनापुढं काय ऐकू येते?”

“मंग वं?” तानाबाईने सत्यभामेकडे पाहिलं.

सत्यभामा खाली मान घालून म्हणाली, “मंग ढेकूळ. बाजूले पडंल असं.”

“वा वा! सापालेबी ढेकूळ अन् भासऱ्यालेबी ढेकूळ!” सगळ्या हसलो. सत्यभामाही पदरात हसली. तेवढ्यात कुंदा ओट्यावरून घसरली, आणि सत्यभामा “अगं बाई!” म्हणत धावली.

“पाह्यलं का मास्तरीणबाई?” तानाबाई म्हणाली. “दुसरी बाई ‘अरे भगवंता’ म्हणाली असती. हिले थेही म्हणाची सोय नाई. भासऱ्याचं नाव पडते.”

“आरतीत तो शब्द आला का आमी दोघी जावा खोकतो,” पुष्पाबाई म्हणाली. पुन्हा हशा झाला.

तानाबाई मात्र हसली नाही. टोपली आवरता आवरता मला म्हणाली, “तुमी शिकेल हा. इच्या सासऱ्याले सांगा. म्या सांगलं तं म्हणतीन, कासारीण गल्लीबोळात बोंबलत फिरते, तिले काय लाज. पण माह्या पोटाचा धंदाच आवाजाचा हाये. म्या तोंड मिटलं तं चूल मिटली. हे बी कामच करून राह्यली ना? कामावरच्या माणसाले आवाज लागते, बाई. बांगड्याले जीभ नसते.”

तेव्हा मी हसले. बी.ए. झालेली मी! मनात म्हटलं, दुसऱ्याच्या घरात आपण कशाला बोलायचं? नवीन बिऱ्हाड, हे लोक रोज भाजी पाठवतात, वाईटपणा कशाला घ्यायचा? शिवाय कुंदाला सर्दी झाली होती.

पौषात थंडी कडक पडली. त्या सकाळी भगवंतराव उपरणं कानावरून गळ्याला गुंडाळून विहिरीवर गेले. इंद्रभान मळ्याच्या पलीकडच्या अंगाला कांद्यात होता. सत्यभामा विहिरीपासून वीस-पंचवीस पावलांवर वांग्यांना पाणी देत होती. पंपाच्या पाइपात कचरा अडकला म्हणून भगवंतराव वाकले. पाठ इंजिनाकडे होती. उपरण्याचं एक टोक सुटून मागे लोंबायला लागलं, इंजिनाच्या फिरत्या पट्ट्याच्या अगदी जवळ.

सत्यभामेने ते पाहिलं.

तिने बांगड्या वाजवल्या. दोन फुटल्या, मनगटातून रक्त आलं. टाळ्या वाजवल्या. इंजिन भकभकत होतं. मग वाकून ढेकूळ उचललं आणि फेकलं. घाईत ते बाजूला न पडता त्यांच्या पाठीला लागलं. कोण मारतंय म्हणून भगवंतराव झटकन वळले, आणि ते टोक पट्ट्यात गेलं!

कांद्यातून हे पाहून इंजिन बंद करायला इंद्रभान धावत आला, तेव्हा उशीर झाला होता. मेहकरच्या दवाखान्यात न्यायला बैलगाडी जुंपली. गाडी अर्ध्या वाटेवरून परत आली.

त्यानंतर दहा दिवस त्या घरात बायकांची रीघ लागली होती. मीही जाऊन बसायची. काय काय ऐकलं मी!

“तोंड नव्हतं का तिले? एक हाक मारली असती!”

“हाक कायले मारते? ढेकूळ मारलं ना!”

“कोनाले माईत बाई, काय मनात धरून मारलं.”

सुभद्राबाई छाती बडवून म्हणायच्या, “माह्या पोराले डोळ्यादेखत जाऊ देल्लं हिनं!” ज्या बाईने लग्नानंतर पहिल्याच दिवशी ‘सुनेचा आवाज उंबऱ्याभाईर जाऊ नये’ म्हणून सांगितलं, तीच आता विचारत होती, आवाज का केला नाहीस? इंद्रभान भिंतीकडे तोंड करून बसायचा. बायकोच्या बाजूने त्याने एक शब्द काढला नाही.

तिसऱ्या दिवशी मी मागच्या दारी गेले. गोठ्याजवळ सत्यभामा शेण भरत होती. मी तिच्या पाठीवर हात ठेवला. ती इतक्या हळू बोलली की मला कान तिच्या तोंडाशी न्यावा लागला.

“ताई, आलं होतं तोंडात.”

“काय आलं होतं?”

“त्यायचंच नाव.” तिने माझ्याकडे पाहिलं. “सारे म्हणतात ना, घाबरलं म्हंजे... अरे... थेच. इथलोक आलं होतं.” तिने गळ्याला हात लावला. “गिळलं म्या.”

जीव घाबरला की आपण सगळे ज्याला हाक मारतो, ती हाक तिच्याही ओठांवर आली होती. तेच त्या माणसाचं नाव होतं! ती हाक गेली असती तरीही ते तसेच वळले असते का? की जागच्या जागी उठून उभे राहिले असते? मला माहीत नाही. कोणालाच माहीत नाही. पण हाक मारायला मोकळी असती, तर तिच्या हातून ढेकूळ सुटलं नसतं.

त्यानंतर मी तिला बोलताना ऐकलं नाही. पहिल्यांदा सगळ्यांना वाटलं, दुःख आहे. मग वाटलं, ढोंग आहे.

दहाव्या दिवशी तानाबाई आली, टोपली न घेता. ओसरीवर महादेवराव चार पुरुषांत बसले होते. ती थेट त्यांच्यासमोर जाऊन बसली.

“महादेवभाऊ, तुमच्या सुनेले गावात खुनी म्हणून राह्यले. तुमी ऐकून राह्यले.”

एक जण म्हणाला, “तू मधात काऊन बोलते वं? तुह्या घरचं मयत हाये का?”

“माह्या घरचं नाई, म्हणून तं बोलता येते. घरच्या बायकायले तुमी बोलू देता का?” तानाबाई मागे हटली नाही. “भाऊ, दाराले कुलूप तुमी लावलं. किल्ली तुमच्या कमरेले. घर जळालं, अन् आता दाराले लाता मारता, काऊन उघडलं नाई म्हणून? तुमी मोट हाकली तं तोंडानं. बैलाले वळवलं तं तोंडानं. बाजारात माल इकला तं तोंडानं. साऱ्या जन्माची कमाई तोंडाची, अन् सुनेले इंजिनापाशी उभी केली तं मुकी! तिचा जीव गेला असता तं? तरीबी तिनं बांगड्याच वाजवल्या असत्या!”

महादेवराव उठले. म्हातारा माणूस, भिंत धरत धरत स्वयंपाकघराच्या दारापर्यंत गेला. त्या दारात ते आजवर खाकरल्याशिवाय कधी गेले नव्हते. सत्यभामा चुलीपुढून उठून कोपऱ्यात सरकली.

“पोरी,” ते म्हणाले, “चूक माही झाली. म्या घडवली तशी तू वागली. आता हाक मार. मले मार. माह्या नावानं मार!”

तिने त्यांच्याकडे पाहिलं. तोंड उघडलं. गळ्याच्या शिरा ताणल्या. घरातली सगळी माणसं दारात गोळा झाली. सुभद्राबाईंनीही पदर तोंडातून काढला.

आवाज आला नाही.

“मार वं माय, एक डाव!” महादेवराव रडायला लागले.

तिने पुन्हा तोंड उघडलं. पुन्हा काही नाही. मग ती खाली बसली आणि चुलीतली राख सारायला लागली.

मेहकरच्या डॉक्टरांनी तिचा घसा तपासला. घशात दोष नाही म्हणाले. महिनाभराने इंद्रभान तिला माहेरी सोडून आला. थोडे दिवस हवापालट, असं सांगितलं. तिचं माहेर लोणारला आहे. तिला जाऊन आता पाच महिने झाले. आणायला कोणी गेलेलं नाही, आणि त्या घरात आता दुसरी सून आणायची कुजबुज सुरू आहे. महादेवराव नको म्हणतात. पण ते एकटेच नको म्हणतात.

त्यांनी आपल्या घरातली रीत मात्र मोडली. विहिरीवर आता विधवा पुष्पाबाई उभी असते, आणि रोज सकाळी इंजिन सुरू करायच्या आधी सासरा तिला पूर्ण आवाजात हाक मारायला लावतो. ती मारते. शेजारच्या मळ्यांतले लोक हसतात. “महादेवच्या बाया बोंबलाले लागल्या,” म्हणतात. गावात यंदा आणखी तीन इंजिनं आली. सुनांना हाक मारू द्या, हे सांगायला मी तिन्ही घरी जाऊन आले. एका घरी मला चहा मिळाला. एका घरी सासूबाई म्हणाल्या, “आमच्या घरी असं होत नाई.” तिसऱ्या घरची सून दाराआडून सगळं ऐकत होती. मी जायला निघाले तेव्हा तिने मला काहीतरी सांगायला हात हलवला. तिथे सासरा बसलेला होता. ती बोलली नाही आणि मी थांबले नाही.

आणि माझं काय? कुंदा आता बोलायला लागली आहे. मोठ्या आवाजाची आहे. परवा शाळेचे तपासनीस घरी आले तेव्हा ती ओरडली, आणि माझा हात आपोआप तिच्या तोंडावर गेला. सगळं पाहूनही गेला! आपली मुलगी कोणत्या घरात जाईल, कोणत्या यंत्रापाशी उभी राहील, ते आईला ठाऊक नसतं. पण तिला गप्प राहायला पहिल्यांदा शिकवते ती आईच.

बंधुभगिनींनो, जो हात राबतो त्याच्याबरोबर तोंडही राबलं पाहिजे. नव्या यंत्रापाशी आपण माणसं उभी करतो. त्यांना हाक मारायची मोकळीक आधी द्या, हार नंतर घाला. आज शेतातून सगळे परत आले की घरातल्या सर्वांत धाकट्या सुनेला विचारा, “काही विपरीत दिसलं तर तू आम्हाला काय म्हणून हाक मारशील?” ती सासूकडे पाहायला लागली, तर समजा, उत्तर मिळालं.

आणि माझं एक काम करा. मी सत्यभामेला तीन पत्रं टाकली, एकाचंही उत्तर नाही. तिला लिहिता येत नाही, आणि तिच्या घरचे लिहीत नाहीत. तुमच्यापैकी कोणी लोणारला एस.टी.ने गेलंच, तर तिथे चौकशी करा. डोणगावला दिलेली, नवऱ्याने आणून सोडलेली मुलगी म्हटलं की लोक घर दाखवतील. का ओरडली नाहीस, एवढं मात्र तिला विचारू नका. थोडा वेळ बसा, पाणी मागा, आणि ती कशी आहे ते मला कळवा.