रुद्र मराठीत बोलला

देवदत्त पोंक्षेला मुलाचा राग यायला आता कारण लागत नसे. रुद्र जेवला तर केवढं जेवतो म्हणून राग, नाही जेवला तर अन्नाचा माज म्हणून राग. आणि हा राग तोंडावर काढायचीही सोय उरली नव्हती, कारण गेली दोन वर्षं बापलेक एकमेकांशी बोलत नव्हते. जे काय बोलायचं ते रुद्रच्या आईमार्फत, म्हणजे मालिनीमार्फत. ती बिचारी दोघांच्या मध्ये पोस्टमनसारखी हेलपाटे घालायची आणि दोघांच्याही शिव्या वाटेत गाळून पुढे पोचवायची.

भांडणाचं मूळ होतं अमेरिकन फुटबॉल. जर्मनीतल्या नेकारसुल्मच्या मोटार कारखान्यात पंचवीस वर्षं काढलेल्या इंजिनिअरचा मुलगा रेगेन्सबर्गला मेकॅनिकलला गेला, इथवर सगळं पत्रिकेत लिहिल्यासारखं चाललं होतं. तिसऱ्या सेमिस्टरला त्याने कॉलेज सोडलं आणि हाइलब्रोनच्या एका व्यावसायिक संघाशी करार केला. त्या दिवशी देवदत्त म्हणाला, "मला मुलगा होता." मालिनीने हे वाक्य गाळलं नाही, कारण रुद्र समोरच उभा होता.

रुद्रची जागा नोज टॅकलची. म्हणजे बचावफळीच्या बरोबर मधोमध, चेंडूसमोर वाकून उभं राहायचं, समोरचे दोन दांडगे अंगावर घ्यायचे आणि जागचं हलायचं नाही. हा दोघांना गुंतवून ठेवतो म्हणून मागचे मोकळे राहतात. ते धावणाऱ्याला पाडतात आणि टाळ्या घेतात. "अहो, त्याच्याशिवाय सगळी टीम कोसळेल," मालिनी सांगायची. "चेंडूला हात तरी लागतो का त्याचा?" देवदत्त विचारायचा. "माझ्या पोराने शिक्षण सोडून भिंत व्हायचं ठरवलं." मराठी मंडळात कोणी विचारलं, मुलगा काय करतो, तर तो घसा खाकरून म्हणायचा, "स्पोर्ट्स मॅनेजमेंट." विचारणारे लोकही बेरकी. त्यांनी रुद्रचे फोटो इंटरनेटवर केव्हाच पाहिलेले असत आणि ते मुद्दाम दर वर्षी विचारत.

खरं तर त्या पोराला भिंत व्हायला ह्याच मंडळींनी शिकवलं होतं. लहानपणापासून रुद्र आडवातिडवा. "काय खायला घालतेस गं याला?" हा प्रश्न मालिनीने हजार वेळा ऐकला असेल. अकरा वर्षांचा असताना गणपतीच्या कार्यक्रमात तो मराठीत भाषण करायला उभा राहिला. र घशातून निघत होता, लिंग-वचनाचा पत्ता नव्हता, आणि सभागृह खो खो हसलं. ते हसणं प्रेमाचं होतं असं लोक नंतर म्हणाले. गाडीत बसल्यावर देवदत्त म्हणाला, "शेण खाल्लंस. नाक कापलंस माझं." त्यानंतर रुद्रने घरात मराठीचा शब्द काढला नाही. कळायचं सगळं, उत्तर मात्र जर्मनमध्ये. पुढे तेराव्या वर्षी केसलर नावाच्या दाढीवाल्या प्रशिक्षकाने त्याला मैदानावर पाहिलं आणि त्याचा दंड चाचपून म्हटलं, "तुझ्यासारख्याची मी वाट बघत होतो." असं त्याला तोवर कोणी म्हटलं नव्हतं.

हाइलब्रोनचा संघही केसलरच्याच हाताखाली, म्हणून त्याच्यावर देवदत्तचा विशेष दात. करार झाला तेव्हा तो क्लबात जाऊन तावातावाने भांडून आला होता. माझ्या मुलाचं वाटोळं केलंत, म्हणाला. केसलरने शांतपणे सांगितलं होतं, "तुमचा मुलगा सज्ञान आहे, मिस्टर पोंक्षे. हे त्याच्याशी बोला." देवदत्तने घरी येऊन दार असं आपटलं की खालच्या मजल्यावरची म्हातारी तक्रार घेऊन वर आली.

तर अशा या बापाला ऑगस्टमधल्या एका रविवारी मालिनीने सामन्याला ओढत नेलं. मोसमाचा शेवटचा सामना. रुद्रला एका मोठ्या संघाने पुढच्या वर्षासाठी विचारलं होतं आणि होय-नाही केसलरमार्फत सोमवारी कळवायचं होतं. "आज नाही आलात तर मीही घरी परत येणार नाही," ती म्हणाली. तिचा आवाज ऐकून देवदत्तने निमूट गाडी काढली. मैदानावर तो मोबाइलवर पुण्याचा पेपर वाचत बसला.

शेवटच्या काही मिनिटांत एक जोराचा आवाज झाला म्हणून त्याने मान वर केली. खेळाडूंच्या ढिगाऱ्याच्या तळाशी रुद्र होता. वरचे एकेक उठले, तो जरा उशिरा उठला. बाजूला नेऊन तपासायला डॉक्टर पुढे आला तेव्हा त्याने अंगठा दाखवला, हेल्मेटवर थाप मारली आणि परत वाकून उभा राहिला. उद्या करार आहे म्हटल्यावर कोण सांगतो डोकं दुखतंय म्हणून! संघ जिंकला. मालिनी उड्या मारत होती. देवदत्तने पेपरातला अग्रलेख पुरा केला.

दर वेळी सामन्यानंतर रुद्र मित्रांबरोबर जायचा. आज तो बॅग घेऊन सरळ पार्किंगमध्ये आला आणि बापाच्या गाडीत मागच्या सीटवर जाऊन बसला. त्याची स्वतःची गाडी पलीकडच्या रांगेत उभी होती.

"अरे, तुझी गाडी?" मालिनीने विचारलं.

"असू दे गं," देवदत्त घाईने म्हणाला. "उद्या नेईल."

गाडी हायवेला लागली. मागून आवाज आला, "बाबा, भूक लागली."

देवदत्तचा पाय ॲक्सिलरेटरवरून सुटला. मागचा ट्रक बोंबलत बाजूने निघून गेला. मालिनी गर्रकन मागे वळली. रुद्र डोळे बारीक करून खिडकीबाहेर बघत होता. दहाबारा वर्षांत, आजारपणातसुद्धा, त्याच्या तोंडून मराठीचा एकही शब्द आला नव्हता.

"काय खाणार?" देवदत्तने विचारलं. दोन वर्षांनी मुलाशी बोललेलं हे पहिलं वाक्य. आवाज त्याच्या मनाविरुद्ध मऊ निघाला.

"थालीपीठ."

मग काय, हुरळली मेंढी! घरी पोचेपर्यंत देवदत्तच्या मनात सगळा हिशेब जुळला होता. पोराने मार खाल्ला, डोळे उघडले, वळला बापाकडे. शेवटी रक्त बोलतं. आपण आलो म्हणूनच हे झालं, हेही त्याने स्वतःला सांगून टाकलं. आणखी दोन सामन्यांना आधीच आलो असतो तर हा छळ लवकर संपला असता, असं वाटून त्याला जरा हळहळही वाटली.

मालिनीने थालीपिठं थापली, लोण्याचा गोळा वर घातला. रुद्रने एक तुकडा मोडला आणि तो हातात धरून बसला.

"बाबा, घरी कधी जायचं?"

"अरे, घरीच आहोत आपण," देवदत्त हसला. "दमलाय. दमणारच."

थोड्या वेळाने रुद्रने पुन्हा विचारलं, "घरी कधी जायचं?"

मालिनीने उलथनं खाली ठेवलं. "अहो, त्याने आत्ताच विचारलं होतं हे. आणि खात नाहीये बघा. मला काहीतरी वेगळं वाटतंय."

"तुला नेहमीच वेगळं वाटतं!" देवदत्त फिस्कारला. "इतक्या वर्षांनी पोर आपल्या भाषेत बोलतंय, आणि तुला त्यात खोट दिसतेय? गप्प बस जरा. माझ्याशी बोलू दे त्याला."

ती गप्प बसली. दोन वर्षं निरोप पोचवून तिला गप्प बसायची सवय झाली होती, आणि तिला स्वतःलाही तो मराठी आवाज ऐकत राहावासा वाटत होता. त्याबद्दल तिला नंतर स्वतःचा फार राग आला.

देवदत्तने खुर्ची पुढे ओढली. "रुद्र, तो खेळ पुरे आता. सोडशील?"

"हो, बाबा."

"परत रेगेन्सबर्गला जाशील? शिक्षण पुरं करशील?"

"हो, बाबा."

इतक्या सहजासहजी! शहाणा माणूस इथे चपापला असता. ज्या पोराने आयुष्यात साधं छत्री घे म्हटलं तरी वाद घातला, ते मान डोलावतंय, हे काय आहे? पण देवदत्तला पोळी भाजून घ्यायची होती. "मग आत्ताच सांगून टाक त्या केसलरला. शुभस्य शीघ्रम्."

"तूच लाव ना, बाबा." रुद्रने फोन पुढे केला.

देवदत्तने फोन लावला आणि स्पीकरवर टाकला. पलीकडे विजयाचा गोंगाट ऐकू येत होता. "रुद्र! कुठे आहेस तू?" केसलर जर्मनमध्ये ओरडला. "सगळे शोधतायत तुला."

"बोल," देवदत्तने खूण केली.

"मी नाही खेळणार आता," रुद्र मराठीत म्हणाला.

गोंगाट कमी झाला. केसलर बहुधा बाजूला गेला असावा. "ही कोणती भाषा बोलतोस?"

देवदत्तने जर्मनमध्ये उत्तर दिलं, आणि त्याला त्या उत्तराची फार चव लागली. "ही त्याची मातृभाषा आहे, मिस्टर केसलर. तो म्हणतोय की त्याने खेळ सोडला. उद्या त्या लोकांना नाही म्हणून कळवा."

केसलर त्याच्याशी बोललाच नाही. "रुद्र, नीट ऐक. आज आपण कोणाविरुद्ध खेळलो?"

रुद्र फोनकडे बघत राहिला. मग त्याने आईकडे पाहिलं. याच देशात जन्मलेला, इथल्याच बालवाडीत पहिली भांडणं केलेला, स्वप्नातसुद्धा जर्मनमध्ये बडबडणारा मुलगा तिला विचारत होता, "आई, काय म्हणतोय तो?"

मालिनीच्या हातातली ताटली खाली पडली.

"त्याला माझं बोलणं कळत नाहीये!" फोनमधून केसलर किंचाळला. "डोक्याला लागलंय त्याच्या. अँब्युलन्स बोलवा, आत्ता! माझ्याशी भांडण नंतर करा. ऐकताय ना?"

देवदत्त रुद्रचा फोन हातात धरून तसाच बसून राहिला. अँब्युलन्सला फोन मालिनीने केला. अँब्युलन्स येईपर्यंत रुद्र दोनदा ओकला आणि मग त्याने बोलणंच सोडून दिलं. एवढ्या अवाढव्य देहाला चौघांनी मिळून जिन्यावरून खाली नेलं. देवदत्त मागून रिकाम्या हाताने उतरत होता आणि खालची म्हातारी दारात उभी राहून त्याच्याकडे बघत होती.

कवटीच्या आत डाव्या बाजूला रक्त साचलं होतं. त्याच रात्री ऑपरेशन झालं. सर्जन बाईने सकाळी सांगितलं, जीव वाचला आहे. पण ज्या भागावर दाब आला तिथे भाषा असते. कधी कधी दोन भाषांपैकी एकच राहते, कधी दोन्ही हळूहळू परत येतात. "जर्मन परत येईल की नाही, आज सांगता येत नाही," ती म्हणाली. "तासभर आधी आणलं असतं तर..." तिने वाक्य अर्धंच सोडलं. त्या तासात थालीपिठं झाली होती आणि देवदत्तने दोनदा हो म्हणवून घेतलं होतं.

मालिनी नवऱ्याशी बोलेना. कॉरिडॉरमध्ये दोघं दोन टोकांच्या खुर्च्यांवर बसली. तिला त्याला एकच वाक्य सांगायचं होतं, ते तिने पहाटे सांगून टाकलं: "तुम्ही मला गप्प बस म्हणालात."

दुपारी केसलर आला. दाढी न विंचरलेली, कालचाच शर्ट. त्याने मालिनीचा हात हातात घेतला आणि मग देवदत्तसमोर येऊन उभा राहिला, बसला नाही.

"त्याला लागलं तेव्हा मी बाहेर काढायला हवं होतं," तो म्हणाला. "ते माझं मी बघीन. आता तुम्ही सांगा. त्या संघाला मला आज उत्तर द्यायचं आहे. ते थांबायला तयार आहेत, तो बरा होईपर्यंत. डॉक्टर परवानगी देतील न देतील, पुढचं पुढे. पण काल फोनवर तुम्ही म्हणालात, त्याने खेळ सोडला. त्याने स्वतः ठरवलं होतं का ते?"

दोन वर्षं देवदत्तने हेच मागितलं होतं. देवापुढे, जेवताना, कारखान्यातल्या लंच ब्रेकमध्ये. आता फक्त एक 'हो' म्हणायचं होतं. मुलगा कायमचा सुटला असता, हाडं शाबूत राहिली असती, आणि कोणी बापाला दोषही दिला नसता. कदाचित तेच शहाणपणाचं होतं. तो खेळ त्याला काल जितका घाणेरडा वाटत होता त्याच्या दसपट आज वाटत होता, आणि हा दाढीवाला माणूसही.

"नाही," तो म्हणाला. "तो नव्हता बोलत. मीच बोलत होतो."

केसलरने मान हलवली. त्याने आभार मानले नाहीत, बरं केलंत असंही म्हणाला नाही. फोन काढत जिन्याकडे गेला.

संध्याकाळी नर्सने येऊन सांगितलं, पेशंटने डोळे उघडलेत, एकाच माणसाने आत जायचं. मालिनी उठली आणि पुन्हा बसली. "तुम्ही जा," ती म्हणाली. पहाटेनंतर ती पहिल्यांदाच बोलली होती. "मला ऐकायची भीती वाटते."

देवदत्त आत गेला. रुद्रचं डोकं पट्ट्यांनी बांधलेलं होतं, पाय पलंगाच्या बाहेर येत होते. डोळे दारावरच होते. बापाला पाहिल्यावर त्याच्या चेहऱ्यावर जे आलं ते ओळखायला देवदत्तला वेळ लागला नाही. दोन वर्षं तो तेच बघत आला होता. ओठ हलले. शब्द एकदम सापडेना. कपाळावरची शीर फुगली. मग त्याने सगळा जोर लावून तो बाहेर ढकलला.

देवदत्त बाहेर आला. मालिनी दारातच उभी होती.

"बोलला?"

"हो."

"काय म्हणाला?"

"चालता हो म्हणाला."

तिने त्याची बाही धरली. "कशात?"

"जर्मनमध्ये," देवदत्त म्हणाला, आणि नर्स बघत असताना, भर कॉरिडॉरमध्ये, भिंतीला टेकून मोठमोठ्याने रडायला लागला.