गोष्टीवाल्या मावशीची टेप

मित्रांनो, टीव्ही केंद्राच्या कोठारात सगळ्यात खालच्या फळीवर धुळीने माखलेली एक जाडजूड टेप आहे ना, ती मी. आता मला कुत्रंसुद्धा विचारत नाही. पण एके काळी माझा थाट काही औरच होता!

कारखान्यातून मी कोरी करकरीत आले आणि माझ्यावर पहिल्यांदा उमटली ती गोष्टीवाली मावशी. टीव्ही तेव्हा गल्लीत एखाद्याच घरी असे. मावशी पडद्यावर आली की मुलं खेळ अर्धा टाकून तिथे धावत. राजा, राक्षस, ससा, सगळ्यांचे आवाज ती एकटीच काढायची. रस्त्यात लोक तिला गराडा घालत. टेपेच्या अंगात मांस नसतं, तरी मला मूठभर चढायचं.

पण टेपा फार महाग. कार्यक्रम दाखवून झाला की त्याच टेपेवर दुसरा चढवायचा, अशी केंद्राची रीतच होती. माझ्यावर एका मंत्र्याचं भाषण चढलं. पुढे नवे चेहरे आले आणि मावशी घरी बसली. तिचा आवाज पुन्हा ऐकायला माझा जीव तुटायचा.

परवा मावशीची मुलगी आली. मावशी नुकतीच वारली होती.

"आईचं काहीतरी असेल ना, काका?"

टेपा सांभाळणारे काका ओशाळले. "सगळं पुसलं गेलं, ताई. ही तिचीच होती, पण आता हिच्यावर भाषण आहे."

"जगाच्या मुलांना गोष्टी सांगायची आणि मी शेजाऱ्यांकडे पेंगत असायचे. तिला माझी आठवण तरी यायची का, देव जाणे."

काकांना राहवेना. त्यांनी मला यंत्रावर चढवलं. भाषण नशिबाने लवकर आटोपलं होतं, आणि त्यापुढे मावशी तशीच शिल्लक होती! गोष्ट संपली होती. कॅमेरा बंद झाला असं समजून तिने चेहऱ्यावरचं हसू उतरवलं आणि कुणाला तरी म्हणाली, "अहो, आज तरी लवकर सोडा. रोज पोचेपर्यंत पोर झोपलेली असते. तिला एकटीला गोष्ट सांगायचीय."

मुलीने तोंडावर हात धरला. "पुन्हा लावा."

"टेप जुनी आहे हो. झिजेल."

मित्रांनो, काहीही पुसण्याआधी ते शेवटपर्यंत बघत जा आणि जुन्या वस्तू जपा, एवढं तुम्हाला सांगते. पण काकांना मात्र मी मनोमन विनवत होते, मला जपू नका. झिजू दे मला. लावा पुन्हा.