माठातला तारा

संदेष्टा ओंदितोने पत्र्याच्या देवळाची दारं-खिडक्या लावून घेतल्या आणि माठावरचं फडकं ओढलं. पाणी निळं पेटलं! ओमेना मासळी वाळवायची टाकून आलेल्या बाया किंचाळून गुडघ्यांवर पडल्या.

"आग पाण्यात विझते, माझा तारा विझत नाही! पिण्याच्या माठात सोडा, कॉलरा उंबरा चढणार नाही. विझला, तर पाप घरातच आहे!"

सरोवराकाठी आमच्या प्रत्येक घरात कोपऱ्यात मातीचा माठ असतो. सारं घर त्यातलंच पाणी पितं. माझ्या बहिणीने, अवुओरने, ओंदितोने दिलेला तारा त्यातच सोडला. पाणी तुरट लागू लागलं, तरी प्यायलो. मग तारा विझला. पापीण ठरायच्या भीतीने अवुओरने तो गुपचूप काढला, पेटावा म्हणून दगडावर आपटला. तो फुटला.

दुपारी तिची चिमुरडी आकेच गळा धरून बसली. लाळ गळत होती, घोट उतरत नव्हता. अवुओर तिला उचलून देवळाकडे धावली, मागोमाग मी.

"तारा हिच्या अंगात शिरलाय," ओंदितो गरजला. "दवाखान्यात न्याल, तर मरेल!"

बाया मागे सरकल्या. पोरीच्या श्वासाची घरघर सगळ्यांना ऐकू येत होती.

पाण्यात टाकायचं औषध वाटायला आलेली नर्स आपोंडी पुढे घुसली. "अवुओर, तो तारा कुठाय?"

अवुओरने पदराची गाठ सोडली. आपोंडीने फुटकं प्लॅस्टिक उलटं केलं.

"देवाच्या ताऱ्याला स्क्रू लागतो होय रे, ओंदितो? लग्नात काचेच्या भांड्यात ठेवायचा दिवा हा! आत तीन सेलची जागा आहे, दोनच आहेत. तिसरा कुठाय?"

"मी फक्त दोनच उचलले गं..." अवुओरने पोरीला कवटाळलं.

"म्हणजे पोरीच्या घशात आहे. तो आतून जाळतोय तिला. मामा, बघत काय उभे राहिलात? मोटरसायकल काढा!"

डॉक्टरांनी नळी घालून सेल काढला. बटणाएवढा. आकेच वाचली, पण घसा भाजलाय. अजून नुसतं दूध उतरतं, तेही रडत. ओंदितो पुढच्या गावात तारे वाटतोय.

म्हणून स्पष्ट सांगतो. असले दिवे शोभेच्या पाण्यातच ठेवा, तेही पाण्यासाठी बनवलेले असतील तरच. पिण्याच्या पाण्यात कधीच नको. झाकणाचा स्क्रू घट्ट हवा, दिवा फुटला तर सेल मोजून उचला. आणि पोराने गिळल्याची नुसती शंका आली, तरी थांबू नका. प्रार्थना करायचीच असेल तर वाटेत करा. पाय दवाखान्याकडे चालू द्या.